एसी काढून टाकू का, ताई?

“एसी आल्यापासून पोराचं जास्तच बिघडलंय. काढून टाकू का, ताई?”

उन्हाळा लागला की हा प्रश्न माझ्याकडे येतोच. ग्वाल्हेरला लष्कर भागातल्या एका दवाखान्यात मी दमा-अ‍ॅलर्जीच्या रुग्णांचं आणि त्यांच्या घरच्यांचं समुपदेशन करते. डॉक्टर तपासून औषध लिहून देतात. मग माणसं माझ्यासमोर येऊन बसतात आणि चिठ्ठीत न मावणारं सगळं बोलायला लागतात. त्यातल्याच एका कुटुंबाची ही गोष्ट. ओळख पटू नये एवढे तपशील बदलले आहेत.

नऊ वर्षांचा मुलगा, आईवडील, आजी-आजोबा. त्वचेवरच्या तपासणीत दोन गोष्टी निघाल्या होत्या: अंथरुणातल्या धुळीतले बारीक किडे, म्हणजे माइट, आणि चिलबिलाचे परागकण. चिलबिल म्हणजे आपला वावळ. पानं फुटायच्या आधीच फुलतो आणि त्याचे पराग वाऱ्यावर जातात. वडिलांनी मोठ्या आशेनं एसी घेतला होता. खोली बंद राहील, शिंका थांबतील, असा त्यांचा हिशेब. शिंका वाढल्या.

आई पहिली दहा मिनिटं बोललीच नाही. मग म्हणाली, “सासूबाई म्हणतात, झाडलोट नीट होत नाही म्हणून हे.” सासूबाई शेजारीच होत्या. त्यांचेही डोळे भरले. नातवाची धाप रात्री त्यांनीच ऐकलेली असते. त्या दिवशी मी एसीचं नावही काढलं नाही. एवढंच सांगितलं की हे किडे अस्वच्छ घरात होतात असं नाही. माणसाच्या अंगावरून झडणाऱ्या कातडीच्या कोंड्यावर ते जगतात, त्यामुळे जिथे गादी आहे तिथे ते बहुधा असतातच. हे ऐकल्यावर दोघी जरा सैल झाल्या. दोषाचं ओझं कुणाच्या तरी डोक्यावर असेपर्यंत घरात काहीच बदलत नाही, हे मी फार वेळा पाहिलं आहे.

निघताना एक वही दिली. शिंक आली की वेळ लिहायची, मूल कुठे होतं ते लिहायचं, आणि त्या वेळी खोलीत काय चालू होतं तेही. दहा दिवस.

वही परत आली तेव्हा बरंचसं उत्तर तिच्यातच होतं. सकाळी उठल्याउठल्या शिंकांची माळ. रात्री एसी लावल्यावर पहिल्या दहा मिनिटांत खोकला. दुपारी बैठकीत कूलरसमोर बसला की नाक गळायचं. घर दवाखान्यापासून जवळच होतं, म्हणून मी एकदा जाऊन आले.

एसी १८ वर होता आणि मुलगा कापसाची जुनी रजई नाकापर्यंत ओढून झोपत होता. आपल्याकडे हे घरोघरी दिसतं. बाहेर ४४-४५ अंशांची लू, म्हणजे भाजणारा वारा, आणि आत थंडीतली रजई! रजई धुता येत नाही, वर्षानुवर्षं तीच अंगावर असते. माइटना याहून चांगलं घर कुठलं? त्यांची विष्ठा हीच खरी त्रासाची गोष्ट. तिचे कण जड असतात, हवेत फार वेळ तरंगत नाहीत. अंथरूण हललं की उडतात आणि थोड्या वेळात खाली बसतात. म्हणून भिंतीवरचं कुठलंही यंत्र ते फारसे पकडू शकत नाही. रजई नाकाशीच असते.

मग एसीचं झाकण उघडलं. जाळीवर वडिलांनी जाड कापड बसवलं होतं, पराग अडावेत म्हणून. हेतू चांगलाच होता. पण हवा अडली की आतल्या कॉइलवर बर्फ धरतो, तो वितळला की पाणी भिंतीवर उतरतं. तसंच झालं होतं. पलंगामागची भिंत ओली, तिथे काळी बुरशी, आणि एसी सुरू होताच कुबट वास. वहीतला तो दहा मिनिटांचा खोकला इथून येत होता.

वडिलांना मी समजावलं ते असं. स्प्लिट एसी बाहेरची हवा आत घेत नाही. खोलीतलीच हवा फिरवून थंड करतो. त्याची जाळी धूळ-तंतू अडवते, पराग थोडेफार. ती यंत्राच्या बचावासाठी असते, फुप्फुसांच्या नाही. बारीक कण पकडायला हेपा जाळीचा वेगळा एअर प्युरिफायर लागतो. एसीचा खरा उपयोग हा की त्याच्यामुळे उन्हाळ्यात खिडकी बंद ठेवता येते. खिडकी किंवा दार उघडं राहिलं तर पराग अडवण्याच्या दृष्टीनं तो नसल्यासारखाच.

आणि या घरात दार उघडंच असायचं, कारण बैठकीत कूलर. कूलर ग्वाल्हेरचा जीव आहे, खसच्या, म्हणजे वाळ्याच्या, वासाशिवाय आमचा मे महिना होत नाही. पण तो बाहेरची हवा ओढतो, चालायला खिडकी उघडी लागते, आणि हवेत ओल भरतो. माइट पाणी पीत नाहीत. हवेतली ओल शोषून जगतात. आर्द्रता ५० टक्क्यांखाली टिकून राहिली की ते तग धरत नाहीत. आपल्या कोरड्या उन्हाळ्यात त्यांचे हाल व्हायला हवेत, तिथे कूलर त्यांना पाणी पाजतो. पावसाळ्यात गोष्ट उलटी: बाहेरच दमट असतं, तेव्हा एसीचा ओल काढणारा ड्राय मोड मुलाच्या बाजूनं उभा राहतो.

आजोबांचा राग मला समजत होता. पहाटे पाचला उठून घरभर खिडक्या उघडायचा त्यांचा ४० वर्षांचा नेम. “बंद खोलीत पोर कोंडायचं?” त्यांचंही चूक नव्हतंच. बंद खोलीत चौघे झोपले की हवा जड होतेच. मग ठरलं असं: बाकी घराच्या खिडक्या त्यांच्या, नातवाच्या खोलीची तेवढी वेगळी. ती उघडायची, पण वारा पडलेला असताना, थोडा वेळ, आणि मुलगा आत नसताना. शाळेतून आला की हातपाय-तोंड धुऊन कपडे बदलायचे, मगच खोलीत.

कापड काढलं. कारागिराला बोलावून कॉइल, पंखा आणि पाण्याची नळी साफ करून घेतली, भिंत वाळवून रंगवली. जाळी दर पंधरा दिवसांनी साध्या पाण्यानं धुऊन सावलीत वाळवायची. एसी २५-२६ वर आणि झोत चेहऱ्यावर नाही. १ जानेवारी २०२० पासून आपल्याकडच्या नव्या एसींना सुरू होताना आपोआप २४ अंशांवर लागण्याची सोय केलेली आहे, ती वीज वाचावी म्हणून. मला ती रजई लागू नये म्हणून आवडते. २५ ला सुती चादर पुरते, आणि चादर दर आठवड्याला धुता येते, तीही कडक गरम पाण्यात, ५५-६० अंशांच्या. गादी-उशीला चेनची घट्ट विणीची खोळ. रजई आजींनी स्वतःच बांधून माळ्यावर टाकली. त्यांच्या आईनं भरून दिलेली होती ती.

वडिलांनी विचारलं, “मग आता त्याचा श्वासाचा पंप बंद करता येईल ना?” नाही. घर नीट केल्यानं औषध सुटत नाही. ते कमी करायचं तर डॉक्टरच करतील. एसी परवडत नाही अशा पालकांनाही मी हाच क्रम सांगते, आधी अंथरूण, मग ओल, यंत्र शेवटी. गादीची खोळ एसीच्या कितीतरी पट स्वस्त असते.

जूनअखेर वही पुन्हा आली. सकाळच्या शिंका दोन-तीनवर आल्या होत्या, एसीचा खोकला गेला होता. मैदानावरून आल्यावर नाक अजून गळतं. शेवटच्या पानावर आईनं जानेवारीतली एक तारीख लिहून भोवती चौकोन केला आहे. चिलबिल फुलायच्या दोन आठवडे आधी नाकातला स्प्रे सुरू करायचा का, हे त्या दिवशी डॉक्टरांना विचारायचं आहे. तेव्हा थंडी असेल, एसी बंद असेल, आणि आजोबांच्या खिडक्या उघड्या.