चौथी बशी

प्रिय मुली,
अनेक आशीर्वाद.

तुझं चाळीस मिनिटांचं फुटेज रात्री पाहिलं. दांडिया बाजारातल्या घरात आजीला इरकली नेसवून खुर्चीत बसवलंस, मागे आजोबांचा हार घातलेला फोटो. विचारतेस, "लग्न होऊन बडोद्याला आलीस तेव्हा कसं वाटलं?" आजी म्हणते, "छान वाटलं." मग दोघी गप्प. असल्या प्रश्नाला कुठलीही आजी दुसरं काय सांगणार?

खरी फिल्म शेवटी आहे, तू कॅमेरा बंद करायला विसरलीस तिथे. आजी लीलो चेवडोचा डबा उघडते, चार बशा मांडते, क्षणभर थांबते आणि एक उचलून फळीवर परत ठेवते. चौथी कुणाची, ते विचारू नकोस. महिनाभर रोज त्याच वेळी तिथे जाऊन बस. कॅमेरा कधी काढ, कधी नको.

हे शहाणपण मला उशिरा आलं. वाड्याच्या वाटणीचं सांगताना आत्याचा आवाज भरून आला आणि नेमकं आभाळ आलं. मी म्हणालो, "आत्या, उजेड गेला, परत सांगतेस?" तिने सांगितलं. शब्द तेच, पण शाळेत कविता म्हणावी तसे. आणि पहिला टेक काळोखा म्हणून त्याच टेपवर मी दुसऱ्या दिवशी दुसरं काही घेतलं. आत्या आता नाही.

आपल्या बडोद्याच्या कलाभवनात शिकलेल्या फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र'च्या (१९१३) आधी कुंडीतलं वाटाण्याचं रोप वाढताना टिपलं होतं. त्या चिमुकल्या फिल्मच्या जोरावरच त्यांना पुढे पैसे मिळाले. रोपाला कोण प्रश्न विचारतं!

थोडं यंत्राचं. त्या ट्यूबलाइटखाली तुझ्या चित्रात पट्टे सरकतायत. आपली वीज ५० हर्ट्झची, तेव्हा शटर १/५० किंवा १/१०० ठेव. कॉलर माइक रेशमावर सळसळतो. आजीला रोजचं सुती पातळच नेसू दे, ती सुखात राहील. निघण्याआधी कुणी न बोलता खोलीचा एक मिनिट आवाज घे, एडिटला सांधे झाकायला लागतो. त्यासाठी फ्रिज बंद केलास तर स्कूटरची किल्ली फ्रिजमध्ये ठेव, म्हणजे तो परत सुरू केल्याशिवाय घरी जाता येणार नाही. (आमच्याकडे दोन लिटर दूध नासलं तेव्हापासूनची ही युक्ती.)

काका फोनवर वाड्याच्या कागदांवरून ओरडतात, तो तुकडा अजून कुणाला दाखवू नकोस. एडिट झाल्यावर आधी काकांना एकट्यांना दाखव, आणि नको म्हणाले तर काढ. संमतीपत्रावर सही आहे वगैरे घरात बोलायचं नसतं. तुझ्या फिल्मचं नुकसान होईल, हो. होऊ दे.

शनिवारी ये. हार्ड डिस्कच्या दोन प्रती झाल्यात ना? एक घरी ठेवूनच नीघ.

तुझा,
काका (ओरडणारा नव्हे)