वाचक विचारतात: मुंबईची कलाफेरी, पायी आणि सावकाश

प्रश्न: मी चित्रकलेचा निवृत्त शिक्षक आहे. जानेवारीत मुलाकडे मुंबईला येतोय. त्याने माझ्यासाठी फोर्ट भागातल्या एका हेरिटेज वॉकची चौकशी करून ठेवली आहे. पैसे मोजून इमारती बघत फिरण्यात खरंच काही हाती लागतं का? तरुणपणी जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकायची फार इच्छा होती, घरच्या परिस्थितीमुळे राहून गेलं. आता गुडघे कुरकुरतात. काय बघावं, आणि फिरवणारा माणूस कसा पारखावा?
– एक वाचक, अमरावती जिल्हा

उत्तर: सर, जरूर या. जे. जे. राहून गेलं असं तुम्ही लिहिलंत, ते वाचून मी तुमच्यासाठी रस्ताच आखायला घेतला. त्या शाळेच्या मुलांनी केलेलं किती तरी काम भर रस्त्यावर उभं आहे. ते तुमच्यासारख्या हात चालवलेल्या माणसाने बघावं असं मला मनापासून वाटतं.

सुरुवात क्रॉफर्ड मार्केटपासून करा, म्हणजे महात्मा फुले मंडईपासून. विल्यम इमर्सनने आराखडा केलेली ही इमारत १८६९ ची. आत फळांच्या ढिगांकडे वळण्याआधी प्रवेशद्वाराच्या कमानींवरची उठावशिल्पं बघा. शेतात राबणारी, बाजाराला निघालेली आपली माणसं तिथे दगडात आहेत. ती लॉकवुड किपलिंगची. १८६५ मध्ये तो जे. जे.त शिल्प शिकवायला आला. त्याच सुमाराला शाळेत तीन कार्यशाळा निघाल्या: एक सजावटीच्या चित्रकामाची, एक मातीकाम आणि शिल्पाची, एक घडीव लोखंडाची. पुढच्या पंचवीस वर्षांत मुंबईत जे बांधलं गेलं त्याच्या अंगावर या तिन्हींच्या खुणा आहेत.

मंडईतून दक्षिणेकडे निघालात की लगेच जे. जे.चं आवार लागतं. आत जायला परवानगी लागते, ती तुमच्या फिरवणाऱ्याने आधी काढली आहे का ते विचारून घ्या. नसली तर फाटकाशी थांबा, पण थांबा. जमशेटजी जीजीभॉय यांच्या एक लाख रुपयांच्या देणगीतून १८५७ मध्ये ही शाळा सुरू झाली. इथूनच जॉन ग्रिफिथ्स हा शिक्षक विद्यार्थ्यांना घेऊन अजिंठ्याला जात असे. १८७२ पासून १८८५ पर्यंत या मुलांनी लेण्यांतल्या चित्रांच्या नकला केल्या. पेस्तनजी बोमनजी त्यांतलेच. नकला लंडनला पाठवल्या गेल्या आणि तिथे आगीत बऱ्याच जळाल्या. लेण्यातल्या अपुऱ्या उजेडात बसून केलेलं ते काम! हे आठवलं की मला आजही हळहळ वाटते. आणि १८९६ च्या आसपास गणपतराव म्हात्रे यांनी वयाच्या विशीत ‘मंदिरपथगामिनी’ ही मूर्ती घडवली, तीही याच शाळेत शिकून.

आता छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस. इथे घाई करणाऱ्याबरोबर जाऊ नका. फ्रेडरिक स्टीव्हन्सचा आराखडा, १८७८ ला सुरू झालेलं आणि दहा वर्षं चाललेलं काम, २००४ पासून जागतिक वारसा, एवढं कुणीही सांगेल. सीताराम खंडेराव वैद्य हे त्यांचे साहाय्यक अभियंते होते, हे सांगणारा भेटला तर त्याचं पुढचं बोलणंही ऐका. भिंतींचा पिवळसर दगड मालाडच्या खाणींतला. कोरीवकाम मुख्यतः जे. जे.च्या विद्यार्थ्यांचं. आधी महापालिकेच्या बाजूने, रस्त्याच्या पलीकडून सगळी इमारत डोळ्यांत भरून घ्या. फाटकाच्या दोन खांबांवर सिंह आणि वाघ बसले आहेत, सिंह ब्रिटनचा आणि वाघ आपला. घुमटावर हातात मशाल उंच धरलेली बाई म्हणजे प्रगती. ती टॉमस अर्प या इंग्रज शिल्पकाराची आहे. मग रस्ता ओलांडून भिंतीजवळ जा. मोर, माकडं, पानाआड दडलेले छोटे जीव, प्रत्येक खांबाच्या माथ्यावर वेगळी पालवी. छापातून काढल्यासारखं काही नाही, कारण मुलांना झाडं आणि प्राणी प्रत्यक्ष पाहून रेखाटायला लावलेलं होतं. तुम्ही वर्गात मुलांना पान समोर ठेवून काढायला सांगितलं असेल ना, तोच अभ्यास इथे दगडात आहे. लोकलच्या तिकीट खिडक्यांच्या दालनातही डोकावा. रांगेतल्या लोकांच्या डोक्यावर निळ्या छतात सोनेरी तारे आहेत.

तिथून हुतात्मा चौक. पायी साधारण एक किलोमीटर आहे, पण गुडघ्यांचा विचार करून हा टप्पा टॅक्सीने करा. मधल्या रस्त्यावर बघण्यासारखं आहे, तरी ते सोडलं तर मोठं नुकसान नाही. चौकात दोन शिल्पं शेजारी आहेत. एक १८६४ चं फ्लोरा फाउंटन, पोर्टलंडच्या दगडातलं, नॉर्मन शॉने आखलेलं आणि जेम्स फोर्सिथने घडवलेलं. दुसरं १९६१ चं हुतात्मा स्मारक, मशाल उंच धरलेले शेतकरी आणि कामगार. आपल्या पिढीला संयुक्त महाराष्ट्राची आठवण वेगळी सांगायला नको.

आणि आता ज्या इमारतीसाठी मी हा सगळा रस्ता आखला ती. चौकापासून जवळच, महात्मा गांधी रस्त्यावर न्यू इंडिया अॅश्युरन्सची इमारत आहे, १९३६ ची. आराखडा मास्टर, साठे आणि भूता यांचा, दर्शनी भागावरचं शिल्पकाम ना. ग. पानसरे यांचं. पानसरे जे. जे.चे विद्यार्थी. मंडईच्या दारावर इंग्रज शिक्षकाने पाहिलेला आपला कष्टकरी तुम्ही तासाभरापूर्वीच बघितलेला असेल. इथे तोच विषय त्याच शाळेतल्या आपल्या माणसाने सदुसष्ट वर्षांनी हाताळला आहे. मंडईवरची माणसं प्रसंग सांगतात, आपल्या कामात गुंतलेली आहेत. पानसऱ्यांच्या आकृत्या इमारतीच्या उंचीबरोबर ताठ उभ्या आहेत, बारकावे गाळलेले, रेषा ठाम, कोनेकंगोरे उघडे. दोन्हींत कसब आहे, पण माझं मन पानसऱ्यांकडे जास्त ओढ घेतं. तुमचं कुणीकडे जातं ते मला जरूर कळवा.

शेवट काळाघोड्याला, जहांगीर कलादालनात. दुर्गा बाजपेयींनी आखलेली ही वास्तू १९५२ ची. आत बसायला मिळेल आणि चालू असलेलं प्रदर्शनही बघता येईल. इथे तुमच्या जिल्ह्याची आठवण काढा. तळेगाव दशासरचे चित्रकार ह. अं. गाडे हे प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप या नव्या वळणाच्या कलावंतांच्या गटाच्या सहा संस्थापकांपैकी एक. सूझा, रझा, हुसेन, आरा आणि बाकरे हे बाकीचे पाच. १९४९ मध्ये ग्रुपचं मुंबईतलं पहिलं प्रदर्शन झालं तेव्हा जहांगीर नव्हतंच. ते रॅम्पर्ट रोवर बॉम्बे आर्ट सोसायटीच्या दालनात भरलं होतं. तो रस्ता जहांगीरला लागूनच आहे.

फिरवणारा माणूस पारखायची माझी रीत सोपी आहे. नोंदणीआधी फोन करा आणि विचारा, ‘राजाबाई टॉवरवरच्या मूर्ती कुणी केल्या?’ विद्यापीठाच्या या घड्याळ-मनोऱ्याबद्दल गिल्बर्ट स्कॉटचा आराखडा आणि प्रेमचंद रायचंदांची देणगी सगळ्यांना पाठ असते. पश्चिम भारतातल्या निरनिराळ्या जातींच्या चोवीस माणसांच्या मूर्ती तिथे आहेत आणि त्यांचे नमुने मुकुंद रामचंद्र या आपल्या अभियंत्याने केले, हे ज्याला ठाऊक आहे किंवा ‘बघून सांगतो’ म्हणून जो खरंच बघून सांगतो, त्याला पैसे द्या. ते पैसे त्याच्या वाचनाचे आहेत. दहा-बारापेक्षा जास्त माणसं असतील तर नको, रस्त्याच्या आवाजात मागच्याला काही ऐकू येत नाही.

बहुतेक फेऱ्या सकाळी असतात. मी मात्र तुम्हाला दुपारी तीननंतरची वेळ सुचवेन. टर्मिनसचं तोंड पश्चिमेला आहे, त्यामुळे दुपार कलल्यावर कोरीवकामावर तिरका उजेड येतो आणि खोली उठून दिसते. सकाळी तीच भिंत सपाट वाटते. जहांगीर संध्याकाळी सातपर्यंत उघडं असतं, म्हणजे वेळही जुळते. सोबत छोटी दुर्बीण घ्याच. पक्षी बघणाऱ्यांकडे असते तशी साधी चालेल. निम्मं काम आपल्या डोक्याच्या वीस-तीस फूट वर आहे.

प्रश्न: मी कॉमर्सची विद्यार्थिनी आहे. मैत्रिणींबरोबर अशा फेरीला गेले होते. माहिती भरपूर मिळाली, पण घरी आल्यावर एकही इमारत नीट आठवेना. कलेचं शिक्षण नसल्यामुळे असं होतं का?
– एक वाचक, ठाणे

उत्तर: नाही गं. तीन तासांत वीस इमारती दाखवल्या तर कुणालाच काही आठवणार नाही, मलाही नाही. पुन्हा एकदा जा, या वेळी एकटीने आणि एकाच ठिकाणी. टर्मिनसचा एक खांब निवड आणि त्याच्या माथ्यावरची पालवी वहीत काढ. चित्र चांगलं यायची गरज नाही. देठ कुठून निघतो, पान कुठे वळतं, मागे किती खोल कोरलंय, हे काढताना आपोआप दिसायला लागतं. फोटो आधी काढू नकोस, कारण फोटो निघाला की पाय पुढे चालू लागतात. नंतर शेजारचा खांब बघ आणि काय बदललंय ते शोध. एवढं झालं की पुढच्या फेरीत गाइडला विचारायला तुझ्याकडे तुझे स्वतःचे प्रश्न असतील.

प्रश्न: सातवीच्या मुलांना अशा फेरीला न्यायचं आहे. काय दाखवावं?
– एक शिक्षिका, पनवेल

उत्तर: फक्त टर्मिनस, आणि तेही प्राणी. आधी शाळेत सिंह, वाघ, मोर, माकड अशी यादी द्या आणि मुलांना शोधू द्या. दहा-दहांचे गट करा, प्रत्येक गटाबरोबर एक मोठं माणूस ठेवा, आणि रस्ता ओलांडायला भुयारी मार्गच वापरा. वार रविवारचा निवडा, ऑफिसची गर्दी नसते. तासाभरानंतर मुलं कंटाळतात, तेव्हा तिथेच थांबवा आणि डबे खायला आझाद मैदानाकडे न्या.