पेत्र स्वोबोदा एका गोलापलीकडे मोठा खेळाडू होता का?

आपण दोन गोष्टी विचारल्या आहेत: १९९८ च्या हिवाळी ऑलिंपिकमधील आइस हॉकीच्या अंतिम सामन्यात गोल करणारा चेक बचावपटू पेत्र स्वोबोदा त्या गोलाव्यतिरिक्त खरोखर मोठा खेळाडू होता का, आणि तो अठराव्या वर्षी देश सोडून का गेला. गेली अनेक वर्षे मी प्रागमध्ये राहतो आणि आइस हॉकी मनापासून पाहतो. पहिल्या प्रश्नाचे माझे उत्तर निःसंशय होकारार्थी आहे. तो गोल त्याच्या कारकिर्दीचा प्रातिनिधिक क्षण मुळीच नव्हता. अमेरिका आणि कॅनडातील नॅशनल हॉकी लीगमध्ये, म्हणजे एनएचएलमध्ये, त्याने साखळी फेरीचे १०२८ सामने खेळून अवघे ५८ गोल केले. साधारण अठरा सामन्यांमागे एक गोल करणारा हा माणूस जर सतरा वर्षे त्या लीगमध्ये टिकला असेल, तर तो गोलांमुळे टिकला नव्हता हे उघड आहे.

दुसरा प्रश्न अधिक खोल आहे, म्हणून त्याचे उत्तर आधी देतो. स्वोबोदाचा जन्म १४ फेब्रुवारी १९६६ रोजी उत्तर बोहेमियातील मोस्त या कोळशाच्या गावी झाला. जमिनीखालचा कोळसा काढण्यासाठी तेव्हाच्या कम्युनिस्ट राजवटीने जुने मोस्त शहर जवळजवळ संपूर्ण पाडले आणि १९७५ मध्ये तेथील गॉथिक चर्च रुळांवरून सुमारे ८४१ मीटर सरकवून नव्या जागी नेले. मी ते चर्च मुद्दाम जाऊन पाहिले आहे. आजूबाजूला जुने शहर नाही, फक्त ती एक वास्तू उभी आहे. हे सारे घडले तेव्हा स्वोबोदा नऊ वर्षांचा होता. मोस्तला लागूनच लित्वीनोव्ह हे रासायनिक कारखान्याचे गाव आहे, आणि त्या कारखान्याचे नाव लावणाऱ्या संघात तो घडला.

त्या काळच्या चेकोस्लोव्हाकियात चांगल्या खेळाडूला परदेशी जाण्याचा एक अधिकृत मार्ग होता, पण तो राष्ट्रीय संघासाठी वर्षानुवर्षे खेळून तिशी गाठल्यानंतरच खुला होत असे. लित्वीनोव्हचाच इव्हान ह्लिंका आणि बचावपटू यिर्झी बुब्ला हे दोघे १९८१ मध्ये असे परवानगीने व्हँकूव्हरला गेले. करार ‘प्रागोस्पोर्ट’ या सरकारी संस्थेमार्फत होत आणि मोबदल्यातील वाटा सरकारकडे जाई. अठरा वर्षांच्या मुलासमोर, म्हणजेच, बारा-तेरा वर्षे वाट पाहणे किंवा परवानगीशिवाय निघून जाणे एवढेच पर्याय होते, आणि दुसऱ्या पर्यायाला फौजदारी कायद्यात ‘प्रजासत्ताकाचा त्याग’ असे नाव होते. त्या गुन्ह्याला तुरुंगवासाची शिक्षा होती, आणि गेलेल्या माणसाच्या मागे राहिलेल्या घरच्यांनाही त्याची झळ बसत असे. या पार्श्वभूमीवर १९८४ च्या वसंतात पश्चिम जर्मनीत भरलेल्या युरोपीय कनिष्ठ गटाच्या स्पर्धेत स्वोबोदा आपल्या संघाला सोडून निघून गेला. राजवट आणखी पाचच वर्षांनी कोसळणार आहे हे तेव्हा कोणालाही ठाऊक नव्हते, म्हणून तो निर्णय परतीची वाट बंद झाली आहे असे धरूनच घेतलेला असणार, हे आपण विसरू नये.

एनएचएलमधील माँट्रियल कॅनेडियन्स या संघाने त्याला गुपचूप कॅनडात आणले. ९ जून १९८४ रोजी माँट्रियलच्या फोरम या सभागृहात खेळाडूंची वार्षिक निवड, म्हणजे ड्राफ्ट, झाला; त्यात पहिला क्रमांक मारिओ लेम्यूचा होता. पाचव्या क्रमांकावर माँट्रियलचे सरव्यवस्थापक सर्ज सव्हार यांनी स्वोबोदाचे नाव पुकारले आणि तो लपवून ठेवलेला मुलगा सभागृहात प्रत्यक्ष अवतरला, तेव्हा जमलेल्या लोकांना आश्चर्याचा धक्का बसला. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात तो त्या संघाच्या बचाव फळीत खेळू लागला. शरीराने तो अगदी सडपातळ होता, भाषा परकी होती आणि युरोपीय खेळाडू धक्काबुक्कीला घाबरतात असा समज तेव्हा तिकडे सर्रास होता.

येथे खेळाची थोडी माहिती द्यायला हवी. बर्फावर एका संघाचे सहा जण असतात: एक गोलरक्षक, तीन आघाडीपटू आणि दोन बचावपटू. बचावपटूंच्या जोड्या सामन्यात पुन्हा पुन्हा बदलतात, कारण पूर्ण वेगाने मिनिटभराहून फार अधिक खेळणे शरीराला झेपत नाही. बचावपटूचे पहिले काम अंगावर आलेल्या आघाडीपटूला गोलापासून दूर लोटणे हे असते आणि दुसरे, पक, म्हणजे चेंडूऐवजी वापरली जाणारी रबराची चकती, आपल्या काठीवर येताच पुढच्या खेळाडूला अचूक पास देणे. स्वोबोदाचे मोठेपण या दुसऱ्या कामात होते. तो अतिशय सफाईने स्केटिंग करत असे, मागे सरकतानाही त्याची नजर वर असे, आणि अडचणीत सापडलेल्या जागेतून पक बाहेर काढणारा त्याचा पहिला पास पुष्कळदा आक्रमणाची सुरुवात ठरे. त्याच्या खात्यावर गोल ५८, पण गोलाला साहाय्य ३४१ वेळा आहे, हे आकडे मला फार बोलके वाटतात. १९८८-८९ हा त्याचा सर्वोत्तम हंगाम मानता येईल; त्यात त्याने ८ गोल आणि ३७ साहाय्ये अशी ४५ गुणांची कमाई केली.

दुसऱ्याच हंगामात, १९८६ मध्ये, माँट्रियलने कॅलगरीला हरवून स्टॅनले कप, म्हणजे एनएचएलचे विजेतेपद, जिंकला आणि विसाव्या वर्षी स्वोबोदा विजेत्या संघात होता. पुढे मार्च १९९२ मध्ये तो बफेलोला गेला, १९९५ मध्ये फिलाडेल्फियाला आणि डिसेंबर १९९८ मध्ये टॅम्पा बेला. फिलाडेल्फियाबरोबर तो १९९७ च्या अंतिम फेरीत पोहोचला, पण तेथे डेट्रॉईटने त्यांना चारही सामन्यांत हरवले. दुखापतींनी त्याला वारंवार गाठले, तरी तो परत उभा राहत गेला. अखेर २०००-०१ च्या हंगामात डोक्याला झालेल्या दुखापतीनंतर तो थांबला. (शोध घेताना एक काळजी घ्यावी: १९८० मध्ये जन्मलेला याच नावाचा दुसरा चेक बचावपटू त्याच हंगामात टोरंटोकडून खेळला आहे. स्वोबोदा हे अगदी सामान्य चेक आडनाव आहे आणि त्याचा अर्थ ‘स्वातंत्र्य’ असा होतो.)

बफेलोमध्ये गोलरक्षक डोमिनिक हाशेक त्याचा संघसहकारी होता, आणि हेच दोघे जपानमधील नागानोच्या ऑलिंपिकमध्ये पुन्हा एकत्र आले. १९९८ च्या त्या ऑलिंपिकसाठी एनएचएलने पहिल्यांदाच आपला हंगाम मध्येच थांबवला होता. चेक संघातील सुमारे अर्धेच खेळाडू त्या लीगमधले होते, तर कॅनडा आणि अमेरिकेचे संघ पूर्णपणे तिथल्याच खेळाडूंचे होते. प्रशिक्षक होते इव्हान ह्लिंका, म्हणजे परवानगीची वाट पाहून परदेशी गेलेले तेच लित्वीनोव्हचे ह्लिंका. उपांत्य फेरीत कॅनडाविरुद्ध गोल केला बचावपटू यिर्झी श्लेगरने, तोही लित्वीनोव्हचाच. बरोबरीनंतरच्या पेनल्टी शॉट्समध्ये दोन्ही संघांकडून एकमेव गोल केला रॉबर्ट राइखेलने, आणि तोही त्याच क्लबमध्ये घडलेला. मला या हकिगतीतला हा भाग सर्वात प्रिय आहे. एका धुरकट औद्योगिक गावच्या क्लबमधून वेगवेगळ्या काळी, वेगवेगळ्या वाटांनी बाहेर पडलेली माणसे जपानमधल्या एका बाकावर पुन्हा शेजारी बसली होती, आणि त्यांतला एकजण असा होता की चौदा वर्षांपूर्वी मायदेशाच्या कायद्याने त्याला गुन्हेगार ठरवले होते.

अंतिम सामना २२ फेब्रुवारीला रशियाशी झाला. गटसाखळीत रशियाने चेक संघाला २-१ असे हरवले होते आणि उपांत्य फेरीत पावेल बुरेने फिनलंडविरुद्ध एकट्याने पाच गोल केले होते. प्रागमध्ये तेव्हा पहाट होती. जुन्या शहराच्या चौकात कडाक्याच्या थंडीत हजारो लोक मोठ्या पडद्यासमोर उभे होते. १९६८ च्या ऑगस्टमध्ये याच शहरात सोव्हिएत रणगाडे शिरले होते, त्यामुळे रशियाशी होणारा सामना येथल्या लोकांसाठी कधीच निव्वळ सामना नसतो. तिसऱ्या सत्रात, ४८ मिनिटे ८ सेकंद झाले असताना, रशियाच्या भागातील फेसऑफ, म्हणजे दोन खेळाडूंमध्ये पक टाकून खेळ सुरू करताना होणारी झटापट, पावेल पातेराने जिंकला, मार्तिन प्रोखाझ्काकडून पक मागे निळ्या रेषेपाशी उभ्या असलेल्या स्वोबोदाकडे आला आणि त्याने तो जोराने फटकावला. समोर खेळाडूंची गर्दी होती. रशियाचा गोलरक्षक मिखाइल श्तालेन्कोव्ह काही करण्याच्या आत पक जाळ्यात होता. सामना १-० असा संपला आणि चेक हॉकीला पहिले ऑलिंपिक सुवर्ण मिळाले.

निवृत्तीनंतर स्वोबोदा खेळाडूंचा प्रतिनिधी म्हणून काम करू लागला. प्रसिद्ध चेक आघाडीपटू यारोमीर यागरचे करारही त्याने पाहिले. त्याचा खेळ समजून घ्यायचा असेल, तर त्या अंतिम सामन्याचे पूर्ण चित्रण मिळवून पाहावे अशी माझी विनंती आहे. सगळे जण गोल पाहून थांबतात. आपण तेथून पुढची ११ मिनिटे ५२ सेकंद पाहा, रशियाचा संघ बरोबरीसाठी सर्वस्व पणाला लावतो तेव्हाची, आणि नजर पकवर न ठेवता स्वोबोदा कुठे उभा आहे एवढेच पाहत राहा.