बॅकवॉटरच्या काठचं चिबड रान, चर मारू का?

इंदापूर तालुक्यातल्या एका दादांनी विचारलंय की उजनीच्या बॅकवॉटरला लागून त्यांचं दीड एकर रान चिबड झालंय, म्हणजे पाणी मुरून कायम ओलं राहतंय, वर पांढरं मीठ फुटतं, ऊस पिवळा पडतो, तर जेसीबीने चर मारून पाणी धरणात सोडू का, परदेशात तर अख्खी तळी आटवून शेती करतात असा व्हिडिओ बघितला.

दादा, जेसीबी बोलवायच्या आधी एक करा. रानाच्या सगळ्यात खोलगट जागी तीन फूट खड्डा घ्या, रात्रभर राहू द्या, सकाळी पाणी कुठवर आलंय ते गवंडी वापरतात त्या लेव्हल पाईपने धरणाच्या पाण्याशी ताडून बघा. धरण भरलेलं असताना दोन्ही पाणी एकाच लेव्हलला निघालं तर चर मारून काय होणार, उलट धरणाचंच पाणी आत येईल.

व्हिडिओतलं म्हणाल तर इंग्लंडात व्हिटल्सी मेअर नावाचं मोठं तळं 1851 च्या सुमाराला पंपाने उपसून शेती केली. तिथली माती पीट, म्हणजे कुजक्या गवतापाल्याची, पाणी गेलं तशी ती आक्रसली, हवा लागून झिजली. जवळच्या होम फेन नावाच्या दलदलीच्या भागात तेव्हा जमिनीबरोबर ठोकलेला लोखंडी खांब आज जवळपास 4 मीटर उघडा पडलाय! रान खाली गेलं म्हणून पंप कधी थांबलेच नाहीत, अन् आता त्यातलाच काही भाग पुन्हा पाणथळ करायला घेतलाय.

आपली काळी माती अशी खचत नाही, आपलं दुखणं मिठाचं. नीरा डाव्या कालव्याच्या पट्ट्यात पाटपाणी अन् उसाने रानं कशी चोपण, म्हणजे सोडियम वाढून घट्ट अन् नापीक, झाली ते तुमच्या भागात वेगळं सांगायला नको. त्यामुळे त्या दीड एकरातला ऊस आधी काढा, वरच्या रानाला ठिबक करा म्हणजे पाझर कमी होईल. माती परीक्षण करा, सामू (pH) 8.5 च्या वर अन् सोडियम जास्त निघाला तरच जिप्सम, तेही पाणी खाली उतरल्यावर, कारण साचल्या पाण्यात मीठ धुऊन जायला वाटच नसते. तोवर धैंचा हे हिरवळीचं खत पेरून गाडा.

आणि धरणाच्या हद्दीत मुरूम टाकू नका, कळकळीने सांगतो. पाणी हटल्यावर उघड्या पडणाऱ्या त्या गाळावरच थंडीत रोहित (फ्लेमिंगो) अन् पट्टकदंब हे पाहुणे पक्षी उतरतात. गाळपेर, म्हणजे त्या उघड्या गाळावर पेरणी, करायची असेल तर पाटबंधारे खात्याची परवानगी काढून करा, पण तणनाशक, कीटकनाशक तिथे नको, ते सरळ पाण्यात जातं.

खड्ड्यातलं पाणी किती इंचांवर लागलं ते कळवा, मग पुढचं बघू.