गमक नेमकी कशाला म्हणायची? मॅडम, शेजारच्या आजी आणि कन्नड मित्र

प्रश्न : ताई नमस्कार. आम्ही सोलापूरला पूर्व भागात राहतो. मुलगी गाण्याच्या क्लासला जायलीय, यंदा मध्यमा प्रथमच्या परीक्षेला बसणारय. क्लासच्या मॅडम म्हणायल्यात की तुझ्या ताना सपाट येतात, गमक येऊ दे, जरा जोर लाव. मग ही घरी जोर लावून लावून गाते आणि घसा दुखतो म्हणून बसते. आमच्या शेजारी एक तेलुगू आजी आहेत, माहेर विजयवाड्याचं, लहानपणी कर्नाटक संगीत, म्हणजे दक्षिणेकडचं शास्त्रीय गाणं, शिकलेल्या. त्या म्हणतात तुमच्यात स्वर नुसता उभा ठेवतात, आमच्यात गमकेशिवाय स्वरच नसतो. आणि ऑफिसमधले कन्नड मित्र म्हणतात गमक म्हणजे काव्य वाचायची पद्धत. तिघं तीन सांगायलेत, खरं कुणाचं धरायचं? आणि पेटीवर गमक कशी बसवून घ्यायची तेही सांगा, घरी पेटी आहे, मला थोडीफार वाजवता येते.
– एक पालक, सोलापूर

उत्तर : तिघांपैकी कुणीच चुकीचं सांगत नाहीये. पण मुलीला आत्ता जे हवंय ते मॅडम सांगतायत ते, फक्त "जोर लाव" एवढ्यावर सोडून चालत नाही, त्यात घसा जातो. म्हणून आधी घशाचं बोलते आणि अर्थाचं मागाहून.

घसा दुखत असेल तर ती ज्या पद्धतीनं करतेय ते आजपासून बंद करा. गमकेत जो जोर ऐकू येतो तो श्वासाचा असतो, पोटातून आलेला. मुलं काय करतात, स्वर हलवायचा म्हटलं की हनुवटी हलवतात, मान हलवतात, गळा घट्ट धरून हा-हा-हा करत आवाज ढकलतात, आणि तानेत जरा खडबड ऐकू आली की सगळ्यांना वाटतं आली गमक. तिला आरशासमोर बसवा आणि तान घ्यायला सांगा. जबडा थरथरत असेल, मानेच्या शिरा ताणल्या जात असतील, तर जोर चुकीच्या जागी लागतोय. रोज सकाळी आधी थोडा वेळ खर्ज लावायचा, मंद्र म्हणजे खालच्या सप्तकात आवाज मोकळा करायचा, आणि मगच हे काम. आणि दुखलं की त्या दिवसापुरतं थांबायचं, "रियाजात दुखतंच" असं जे म्हणतात ते अजिबात ऐकू नका. आवाज बसलेला दोन-तीन आठवडे तसाच राहिला तर कान-नाक-घशाच्या डॉक्टरांना दाखवा, परीक्षा पुढच्या सत्रात पण देता येते.

आता गमकेत होतं काय ते बघू. आपल्या हिंदुस्तानी गाण्यात गमक म्हणजे प्रत्येक स्वर त्याच्या शेजारच्या स्वरावरून, बहुतेकदा खालच्या, जोरानं उचलून घ्यायचा, आणि हे सलग, मधे कुठं न तोडता. सपाट तान सा रे ग म अशी असेल तर गमकेत ती निसा सारे रेग गम अशी होते, पण यातला पहिला स्वर सुटा ऐकू येता कामा नये, त्याचा नुसता धक्का जाणवायला हवा आणि कान दुसऱ्या स्वरावरच टेकला पाहिजे. दोन्ही स्वर स्पष्ट मोजता आले तर तो पलटा, म्हणजे सुट्या स्वरांचा सराव झाला, गमक झाली नाही. मॅडमना "सपाट" म्हणजे नक्की हेच म्हणायचं असणार, की स्वर येतायत पण त्यांना वजन नाही.

घरी करायचं असेल तर यमन किंवा बिलावल घ्या, आकारात, म्हणजे स्वरांची नावं न घेता आ म्हणत, अगदी सावकाश लयीत नुसतं सारे सारे सारे सारे घेऊ दे, वजन प्रत्येक वेळी वरच्या स्वरावर, खालच्यावर नुसता पाय ठेवून उठायचं. ते नीट सुरात बसलं की रेग रेग, मग गम॑ (तीव्र म) किंवा गम (शुद्ध म) जो राग घ्याल त्याप्रमाणे, असं एकेक पायरी. लय वाढवायची घाई करू नका, कारण बहुतेक मुलांची गमक बिघडते ती इथंच, लय वाढली की वरचा स्वर थोडा उतरतो आणि धक्का तेवढा राहतो, म्हणजे बेसूर आणि दणदणीत. तंबोरा चालू ठेवा, ॲपवरचा असला तरी चालेल, पण तंबोऱ्याशिवाय गमक करू नका. महिनाभर नुसती दुगुनीपर्यंत, म्हणजे दुप्पट लयीपर्यंत, आली तरी खूप झालं. मॅडमना पण हे सांगा की घरी असं करतोय, त्यांची पद्धत थोडी वेगळी असेल तर त्यांचीच धरा, दोन ठिकाणचे दोन धडे एका गळ्यात नकोत.

आता आजींचं. मला तुमच्या प्रश्नात सगळ्यात आवडलेली गोष्ट ही, कारण आजी जो अर्थ सांगतात तो जुना आहे, आपल्यापेक्षा जुना. तेराव्या शतकात देवगिरीच्या यादवांच्या दरबारी असलेल्या शार्ङ्गदेवांनी संगीतरत्नाकर लिहिला, म्हणजे आपल्या दौलताबादेत हो, आणि त्यात गमकेची व्याख्या दिलीय की स्वराचा असा कंप जो ऐकणाऱ्याच्या चित्ताला सुख देतो. आणि मग पंधरा प्रकार, तिरिप, स्फुरित, कंपित, लीन, आंदोलित, वली वगैरे. म्हणजे त्या काळी स्वर हलवायच्या, वळवायच्या, घसरवायच्या सगळ्याच गोष्टी गमकेत यायच्या. पुढं उत्तरेत एकेकाला स्वतंत्र नाव पडत गेलं. एका स्वरावरून दुसऱ्यावर न तुटता गेलं की मींड, शेजारच्या स्वराचा ओझरता स्पर्श म्हणजे कण, तीन स्वर हलकेच आणि भरकन अर्ध्या गोलात घेतले, धमप किंवा रेनिसा असे, की मुरकी, तेच चार-पाच स्वर झटक्यात गोल करून घेतले, रेसानिसा असे, की खटका. यात मुरकी आणि खटक्याबद्दल मात्र गवयांचं आपापसात एकमत नाही, एक ज्याला खटका म्हणतो त्याला दुसरा मुरकी म्हणतो, परीक्षेत आपल्या पुस्तकात असेल ते लिहावं. तर अशी वाटणी होत होत जो भारदस्त, जोरकस प्रकार उरला त्याच्याकडंच गमक हे नाव राहिलं. दक्षिणेत वाटणी झाली नाही, तिथं आजही गमक म्हणजे हे सगळंच, त्यांच्याकडं दशविध गमक म्हणून दहा प्रकार शिकवतात.

आणि आजी जे म्हणतात ना, गमकेशिवाय स्वरच नाही, ते बऱ्याच अंशी खरं आहे. त्यांना तोडी राग गायला सांगा. कर्नाटक तोडीचे स्वर म्हणजे आपल्या भैरवी थाटाचे स्वर, रे ग ध नि कोमल, एकही स्वर इकडचा तिकडं नाही. आपण ते सरळ लावले की भैरवीचा भास होतो, आणि आजी तेच गातील, गंधार असा काही हलवतील की भैरवी जवळपास पण फिरकणार नाही. तसंच त्यांचा शंकराभरणम् आणि आपला बिलावल, स्वर तेच आणि राग वेगळा. म्हणजे तिकडं राग ओळखायचा तो बऱ्याचदा गमकेवरून. दागिना काढून ठेवला तरी माणूस तोच राहतो, इथं तसं होत नाही, गमक काढली की राग जातो, त्यामुळं गमकेला "अलंकार" म्हणतात तो शब्द मला कर्नाटक संगीताच्या बाबतीत तरी अपुरा वाटतो.

आजींना आणखी एक विचारा, त्यांना आनंद होईल. कर्नाटक संगीतातले मोठे रचनाकार मुत्तुस्वामी दीक्षितर, त्यांच्या घराण्यातल्या सुब्बराम दीक्षितरांनी १९०४ साली तमिळनाडूतल्या एट्टयपुरमहून संगीत संप्रदाय प्रदर्शिनी हा ग्रंथ छापला, त्यात कृतींच्या, म्हणजे रचनांच्या, स्वरलिपीबरोबर प्रत्येक गमकेची खूण दिलेली आहे, कुठं कंप, कुठं जारू म्हणजे घसीट, कुठं स्फुरित, आणि हे सगळं तेलुगूत. तिकडचे दुसरे मोठे रचनाकार त्यागराज, त्यांच्या कृती पण बहुतेक तेलुगूतच. सोलापुरात तेलुगू वाचणारी इतकी घरं आहेत, कितीतरी आज्यांना हे थेट वाचता येईल आणि आपल्या पोरांना शेजारी बसून ऐकता येईल, ही केवढी मोठी सोय आहे. मुलीला आठवड्यातून एकदा त्यांच्याकडं बसवा, शिकायला नको, नुसतं ऐकायला. सध्या तिचं हिंदुस्तानीचं वळण पडतंय ते पडू द्यात, पण कान दोन्हीकडं उघडे असलेले चांगले.

आपल्याकडं पण स्वर अगदीच "उभा" नसतो हे मात्र आजींना माझ्याकडून सांगा. भैरवमधला कोमल रिषभ आणि धैवत, दरबारीतला कोमल गंधार, हे सरळ लावले तर राग उभाच राहत नाही. फक्त आपण त्याला आंदोलन म्हणतो, गमक म्हणत नाही. आंदोलन सावकाश, झुलतं, कोमल. गमक भरीव आणि ताकदीची. हे दोन्ही एक समजून दरबारीचा गंधार गदागदा हलवणारी मुलं मी ऐकलीयेत आणि फार वाईट वाटतं, कारण त्या रागाची सगळी गंभीरता त्या एका स्वरात असते.

तुमच्या कन्नड मित्रांचं पण बरोबर. कर्नाटकात कुमारव्यास कवीच्या महाभारतासारखी जुनी कन्नड काव्यं रागात वाचायची परंपरा आहे, तिला गमक म्हणतात आणि वाचणाऱ्याला गमकी. एकजण वाचतो, दुसरा अर्थ उलगडून सांगतो. ताल-ठेका धरत नाहीत, राग काव्यातल्या प्रसंगाप्रमाणं बदलत जातो. शिमोग्याजवळच्या होसहळ्ळीचे एच. आर. केशवमूर्ती यांना २०२२ साली याच कलेसाठी पद्मश्री मिळाली. ती वेगळी कला, तुमच्या मुलीच्या तानेशी तिचा थेट संबंध नाही. आणि आपण बोलताना "यशाचं गमक" म्हणतो ते तर आणखी निराळं, खूण किंवा लक्षण अशा अर्थाचं आणि नपुंसकलिंगी. गाण्यातली ती गमक, परीक्षेत लिहिताना तेवढं सांभाळायला सांगा.

पेटीबद्दल स्पष्टच सांगते, पेटीवरून गमक शिकवू नका. पेटीला प्रत्येक स्वराची पट्टी ठरलेली, दोन पट्ट्यांच्या मधलं काहीच तिच्यात नाही, आणि गमकेतलं खरं काम त्या मधल्या जागेत चालतं. मींड नाही, आंदोलन नाही. आकाशवाणीनं १९४० मध्ये पेटीवर बंदी घातली आणि ती १९७१ पर्यंत टिकली, त्यामागच्या आक्षेपांतला एक हाच होता. मला ती बंदी पटत नाही, साथीला पेटी फार गोड लागते आणि चांगले वादक शेजारशेजारच्या दोन पट्ट्या झपाट्यानं वाजवून आणि भात्याचा दाब सांभाळून गमकेचा भास छान उभा करतात. पण तो भास आहे, आणि मुलगी त्यावरून शिकली तर तिला दोन सुटे स्वरच ऐकू येणार, म्हणजे पुन्हा पलटा. तुम्ही पेटीवर तिला नुसता सूर द्या, आधारस्वर.

ऐकायला काय द्यायचं असेल तर आपल्या गावचीच सुंदरी द्या. शहनाईपेक्षा लहान असलेलं हे वाद्य सोलापूर-अक्कलकोटकडच्या जाधव घराण्यानं नावारूपाला आणलं, पं. सिद्धराम जाधवांचं नाव तुम्ही ऐकलं असेलच. फुंकीचं वाद्य असल्यामुळं श्वासाचा जोर कसा स्वरात उतरतो ते लगेच कळतं, आणि भोकावरून बोट थोडं थोडं सरकवून स्वर कसा वळवतात तेही. मग झिया मोहिउद्दीन डागरांची रुद्रवीणा, तिथं तार ओढून काढलेली गमक संथ लयीत अगदी उघडी करून दाखवल्यासारखी ऐकू येते. नोम-तोमची, म्हणजे शब्दांऐवजी नोम-तोम अशा अक्षरांवर केलेल्या आलापातली, गमक ऐकायला आग्रा घराण्याचे फैयाज खाँ. आणि पं. भीमसेन जोशी आहेतच, ते होटगीवरून रेल्वे जाते त्या गदगचे, त्यांचा मालकंस मुलीला ऐकवा आणि तिला फक्त एवढंच विचारा की श्वास कुठं घेतला. याच्या जोडीला आजींसाठी आणि तिच्यासाठी पण कर्नाटक संगीताचे गायक बालमुरलीकृष्ण यांचं एखादं तेलुगू कीर्तन.

शेवटचं, कुठं वापरायची. मालकंस, दरबारी, अडाणा, मियाँमल्हार असे भारदस्त राग, ध्रुपद, ख्यालातल्या ताना, इथं गमक शोभते. ठुमरी-दादऱ्यात, भावगीतात ती जड होते, तिथं मुरकी आणि कण. अभंगात एखाद-दुसरी चालते, पण शब्द हलले नाही पाहिजेत. परीक्षेच्या ख्यालात आठ-दहा तानांपैकी दोन स्वच्छ गमकेच्या घेतल्या तरी पुरे, सगळ्याच तशा घेऊ नये.

प्रश्न : डग्ग्यावर मनगट दाबून जो घुमारा काढतात त्याला पण गमक म्हणायचं का? आमच्या भजनी मंडळात यावरून वाद झाला.
– वाचक, बार्शी

उत्तर : तबलजी त्याला जास्त करून मींड किंवा घिस्सा म्हणतात, काहीजण गमक पण म्हणतात आणि जुना व्यापक अर्थ धरला तर ते चूक नाही. तळव्याचा मनगटाकडचा भाग चामड्यावर दाबत पुढं सरकवला की चामडं ताणलं जातं आणि स्वर चढतो. एक मात्र बघा, भजनात अभंगाचं चरण चालू असताना हा घुमारा सतत काढला तर तो गाणाऱ्याच्या स्वराला ओढतो, कारण डग्ग्याचा चढता स्वर रागातला असेलच असं नाही. समेच्या, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेच्या, आधी किंवा चरण संपल्यावर काढा, चांगला वाटेल.