हिवाळ्याची उपासना करणारा काल्पनिक मठ-पंथ खरा वाटण्यासाठी काय करावं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे: कादंबरीसाठी थंडीला देव मानणारे संन्यासी रचताय. बर्फात उघड्याने बसणं, गोठलेल्या तळ्यात आंघोळ, पांढरी वस्त्रं आणि मौन एवढं ठरलंय, तरी सगळं नाटकी वाटतंय. काय कमी आहे?

माझ्या मते, या लोकांना थंडी हवी कशाला, हेच ठरलेलं नाही. नुसतं सोसायचंच असेल तर ऊन चालेल, उपास चालेल, काटेसुद्धा चालतील.

खऱ्या जगातही थंडीलाच हात जोडणारे फारसे सापडत नाहीत. जपानमध्ये नाकायामाच्या होकेक्योजी मंदिरात निचिरेन या बौद्ध पंथाचे भिक्षू १ नोव्हेंबर ते १० फेब्रुवारी असे शंभर दिवस रोज सात वेळा गार पाणी अंगावर ओततात, पहिल्यांदा पहाटे तीनला आणि शेवटचं रात्री अकराला. पण नमस्कार थंडीला नसतो, सद्धर्मपुंडरीक सूत्र या त्यांच्या ग्रंथाला असतो. तिबेटी बौद्धांची तुम्मो ही ध्यानसाधना तर सरळसरळ अंगात उष्णता जागवण्याची. अमेरिकी डॉक्टर हर्बर्ट बेन्सन यांनी १९८१ साली धरमशाळेजवळ तीन भिक्षूंच्या बोटांचं तापमान मोजलं, ते ८.३ अंश सेल्सिअसपर्यंतच्या फरकाने वाढलेलं निघालं. म्हणजे तिथेही थंडी समोरची पैलवान, देव नव्हे. ही जागा रिकामी आहे, ती तुम्ही घ्या.

मी निफाडकडचा, शेतकऱ्याच्या घरातला. आमच्याकडे थंडी चांगली पडली की गव्हाला फुटवे चांगले येतात, हरभऱ्याला मानवतं. हिमाचलात सफरचंदवाले ‘चिलिंग अवर्स’ मोजतात: रॉयल डिलिशससारख्या जुन्या जातीला साधारण सात अंशांखालचे हजारावर तास मिळाले नाहीत तर वसंतात फूल धड येत नाही. युरोप-रशियात शरदात पेरायच्या गव्हावरून थंडीचे काही आठवडे गेल्याशिवाय तो ओंबीच धरत नाही. तुमच्या पंथाचं तत्त्वज्ञान इथून काढा. जे गारठलं नाही ते फुलणार नाही, मग ते झाड असो की माणूस.

आता यातून कर्मकांड आपोआप निघतं. हे लोक तास मोजतील. जपमाळ असेल, पण नामाची नाही, थंडीच्या तासांची. तापमापक नाही, मग मोजायचं कसं? उत्तरेच्या खिडकीत तांब्याची वाटी, तीत बोटभर पाणी. पाण्यावर साय धरली तर तो तास पावन, एक मणी पुढे. बर्फाची पहिली साय दिसतही नाही बरं का, वाटी जरा कलती केली की पाणी हलत नाही त्यावरून कळते. मग काडीने ती मोडायची आणि पुढच्या तासाची वाट बघायची. रात्रभर हे काम करणारा एक म्हातारा आणि त्याच्या हाताखाली पेंगणारा एक पोरगा, एवढ्यावर तुमचं पहिलं प्रकरण निघेल. आणि पाप कोणतं? वाटी ऊबेच्या भिंतीला सरकवणं नव्हे. आधीच बर्फ झालेली वाटी आणून ठेवणं, म्हणजे खोटे तास.

मौन, पांढरी वस्त्रं वगैरे राहू द्या किंवा काढा, फरक पडत नाही.

त्यापेक्षा विस्तवाचे नियम लिहा. थंडीच्या मठात सगळं राजकारण शेगडीभोवती होणार. युरोपातल्या मध्ययुगीन मठांत स्वयंपाकघर आणि आजाऱ्यांची खोली सोडली तर ऊब एकाच दालनात असे, तिथे १ नोव्हेंबर ते गुड फ्रायडे विस्तव ठेवत. कोणी किती वेळ थांबायचं, आजाऱ्याला जवळ किती बसू द्यायचं, जळण कोण आणणार, नवख्याला कोपरा कोणता? आल्प्स पर्वतातल्या ग्रेट सेंट बर्नार्ड खिंडीत (उंची २,४६९ मीटर) ११व्या शतकापासून ख्रिस्ती साधूंची धर्मशाळा आहे. तिथल्या खडकात कबर खणता येत नसे, म्हणून बर्फात सापडलेले मृतदेह एका खोलीत ठेवत, ते तिथेच वाळत. तुमच्या पंथाला हे भीषण वाटू नये. थंडी कुजू देत नाही, हाच त्यांचा परलोक असू शकतो.

कालगणनेचंही सोपं आहे. आपल्याकडे साधूंचं एका जागी राहणं पावसाने ठरवलं, चातुर्मास आणि बौद्धांचा वर्षावास त्यातूनच आला. यांचं बर्फ ठरवेल: खिंड बंद झाली तो पाडवा.

आता कथेत भांडण कुठून आणायचं ते सांगतो, कारण ते मी लहानपणी पाहिलंय. वडिलांची द्राक्षबाग, बांधाला लागून चुलत्यांचा गहू. एका जानेवारीत तीन रात्री कडाका पडला. अशा थंडीत द्राक्षाचे मणी तडकतात. वडील आणि मी पहाटे तीनला बागेत ओल्या पाचटाच्या शेकोट्या करून धूर धरत होतो, ठिबक चालू ठेवलं होतं, डोळ्यांतून पाणी. सकाळी चुलते बांधावर आले, गव्हाकडे बघत खुशीत म्हणाले, “आणखी दोन दिवस राहू दे अशीच.” वडिलांनी हातातलं पाचट खाली टाकलं आणि पंधरा दिवस त्यांच्याशी बोलले नाहीत.

मठाच्या खालच्या गावात अशी दोन घरं ठेवा. एक साधूंकडे नवस बोलायला येईल की तास वाढू देत, दुसरं त्याच रात्री वाटीखाली गरम राख सरकवायला माणूस पाठवेल. आणि एखाद्या वर्षी हिवाळा सौम्य गेला, माळेचे दोनशे मणी उरले, खाली बर्फ वितळलं, लोक पेरणीच्या आशीर्वादाला मठाच्या दाराशी थांबलेत, तरी म्हातारा दार उघडायला तयार नाही. मी लिहिणार असतो तर सुरुवात याच सकाळपासून केली असती.