आयर्लंडमध्ये पारंपरिक लोकवादकाचं आयुष्य कसं असतं? त्यावर पोट भरतं का?

नऊ वर्षं डब्लिनमध्ये राहतेय. पाच वर्षांपासून दर बुधवारी एका पबमधल्या 'सेशन'ला, म्हणजे गोल करून एकत्र वाजवण्याच्या बैठकीला, टिन व्हिसल (पत्र्याची छोटी बासरी) घेऊन बसते. त्या ओळखीवर सांगते: नुसत्या वाजवण्यावर घर चालवणारे फार थोडे. आमच्या गोलात एक नर्स आहे, एक बसचालक, दोन शिक्षक. पबवाला दोघा-तिघांना मानधन देतो, बाकीचे हौसेने येतात.

हे पूर्वीपासून असंच आहे. पश्चिमेकडच्या क्लेअर परगण्याचे विली क्लॅन्सी (१९१८–१९७३) इलन पाइप्सचे, म्हणजे आयरिश बॅगपाइपचे, मोठे वादक, पण हाताला काम सुतारकीचं. फिडलवादक टॉमी पॉट्स डब्लिनच्या अग्निशमन दलात होते.

संगीतालाच वाहून घेणाऱ्याचं काय होतं, हे इलन पाइप्सचेच वादक शेमस एनिस यांच्याकडे पाहून कळतं. १९४२ साली आयरिश लोकसाहित्य आयोगाने त्यांना कागद, पेन, सायकल आणि आठवड्याला तीन पौंड दिले. पुढची पाच वर्षं ते खेडोपाडी हिंडले. समोरचा गायचा आणि ते तिथल्या तिथे स्वर उतरवून घ्यायचे. पश्चिम किनाऱ्यावरच्या कॉनेमारा भागातल्या एकाच माणसाकडून त्यांनी २१२ गाणी लिहून घेतली! पुढे आयरिश रेडिओ आणि बीबीसीतही त्यांनी काम केलं. एवढा मोठा माणूस, पण शेवटची वर्षं डब्लिनच्या उत्तरेला नॉल गावी एका कॅरव्हॅनमध्ये काढली, १९८२ साली गेले. हे वाचलं की मला आजही वाईट वाटतं.

त्यांचे पाइप्स वडिलांनी १९०८ मध्ये लंडनच्या एका गहाणवटीच्या दुकानातून घेतले होते, पिशवीत सुटे भाग पडलेले. शेमस यांच्यानंतर ते वादक लियम ओ'फ्लिनकडे गेले आणि जगभर वाजले.

हे वाद्य तोंडाने फुंकत नाहीत. आमच्याकडे एक साठीतले गृहस्थ वाजवतात. उजव्या कोपराखाली भाता, डाव्या कोपराखाली हवेची पिशवी, मांडीवर चामड्याचा तुकडा. सुरांची नळी त्या चामड्यावर टेकवली की तिचं तळाचं तोंड बंद होतं. खाली सूर धरलेला, तंबोऱ्यासारखा. आत बोरूची दुहेरी पत्ती, सनईला असते तशी. हवा कोरडी पडली की ती रुसते. मग ते पंधरा मिनिटं काही न बोलता पत्तीच नीट करत बसतात आणि आम्ही थांबतो. पाइपर घडायला एकवीस वर्षं लागतात, असं इथे म्हणतात: सात शिकण्याची, सात रियाजाची, सात वाजवण्याची.

पूर्णवेळ वादक शिकवण्या, दौरे आणि लग्नं यांवर महिना जुळवतात. २०२२ मध्ये सरकारने प्रयोग म्हणून दोन हजार कलाकारांना आठवड्याला ३२५ युरो द्यायला सुरुवात केली. त्यासाठी चिठ्ठ्या टाकून निवड झाली. ज्यांचं नाव निघालं त्यांचा भाड्याचा घोर थोडा तरी हलका झाला असणार.

तुम्ही कधी जुलैत इकडे आलात तर क्लॅन्सींच्या गावी, मिलटाउन मालबेला जा. त्यांच्या नावाने दरवर्षी आठवडाभर शाळा भरते. सकाळी वर्ग आणि मग रात्री उशिरापर्यंत पबापबातून वाजवणं. वाद्य नेलंत तर आधी गोलाबाहेर बसून ऐका. आपल्याला येणारी धून निघाली की हळूच सूर लावा. कोणीतरी खुर्ची सरकवून जागा करून देतं.